तू गेल्यापासून काहीच दुखत नाही

तुळिंज, नालासोपारा (पूर्व)
१२ ऑगस्ट १९९८

सौ. यमुनेस,
अनेक आशीर्वाद. स्वप्ना, जावईबापू आणि छकुली मजेत असतील. माझी प्रकृती उत्तम आहे. अशी डोळे विस्फारून बघू नकोस, खरंच उत्तम आहे.

तू लेकीकडे नाशिकला गेलीस त्याला तीन महिने झाले. एवढ्या दिवसांत मला धड एक शिंकसुद्धा आली नाही. येतेशी वाटते, पण "बघ, सर्दी झाली" म्हणायला घरात कोणी नाही, मग तीही परत जाते. थर्मामीटर लावतो आणि ताप किती ते सांगायला ओट्याकडे वळतो. तिथे कोणी नसतं. फार एकटं वाटतं गं.

परवा डॉक्टर बर्नार्डकडे गेलो. "काका, आज काय दुखतंय?" म्हणाले. म्हटलं, "काहीच नाही." घाबरले बिचारे. नाडी, छाती, पोट, सगळं तपासलं. शेवटी म्हणाले, "काकू कधी येणार?" मी चपला घातल्या.

छकुलीच्या बारशाचं आता खरं सांगतो. माझ्या छातीत कळबीळ काही आली नव्हती. सगळ्या बायका पाळण्याभोवती, त्यात तूही. माझ्याकडे कोणी बघेना, म्हणून छाती धरली. पोरीचं नाव ठेवायचं राहिलं आणि अख्खं बारसं माझ्यामागे दवाखान्यात आलं. तू चार शब्द सुनावले असतेस तर बरं झालं असतं. तू दुसऱ्या दिवशी सरळ बॅग भरलीस.

काल औषधांचं कपाट आवरलं. माझ्या रिपोर्टांच्या गठ्ठ्याखाली तुझ्या गुडघ्याचा एक्स-रे निघाला. दोन वर्षांपूर्वीचा! आज सकाळी तो घेऊन पुन्हा डॉक्टरांकडे गेलो. ते म्हणाले, "ऑपरेशन सांगितलं होतं मी. घरी विचारते म्हणाल्या काकू, त्या पुन्हा आल्याच नाहीत."

तू विचारायला आलीही असशील. मी आरशासमोर जीभ बाहेर काढून उभा असेन. त्यानंतर दोन वर्षं त्याच गुडघ्याने तीन जिने उतरून तू माझ्या गोळ्या आणत होतीस. मला लाज वाटते.

यमुना, गुडघा फार दुखतो का गं? एवढंच विचारायला लिहायला बसलो होतो. बघ, अख्खं पत्र माझ्यावरच गेलं.

तुझं ऐकायला बसलेला,
दिनानाथ