बर्फातला ठिपका

३ फेब्रुवारी
आजपासून अंधेरीच्या औद्योगिक वसाहतीत माझी स्वतःची एडिटिंग रूम! झकास जागा. खाली पुठ्ठ्याचे खोके बनवणारा कारखाना, वर मी, विद्याधर: वीस वर्षं स्पिती, अरुणाचल पालथे घातलेला माणूस. इथले दिग्दर्शक लोणावळ्याला जाऊन आले तरी मुलाखती देतात. एडिटर रेवती बरी आहे, पण फुटेज असं बघते, जणू मावशीच्या लग्नाची कॅसेट. हिमनदीची फिल्म मार्चपर्यंत संपवायची.

५ फेब्रुवारी
मानखुर्दहून शांताबाई आली. अंबादासची आई. तो माझा कॅमेरा असिस्टंट; ऑक्टोबरात बर्फाच्या भेगेत पडून गेला, प्रेतही मिळालं नाही. मुलाचं शेवटचं काम बघायचंय म्हणाली. मी सांगितलं, असिस्टंट कॅमेऱ्यामागे असतात, दिसत नाहीत. पदर डोळ्यांना लावून बसली. सकाळ फुकट गेली. पोरगाही तसाच, सदा कुरकुर: सर, इथला बर्फ पोकळ वाटतोय.

६ फेब्रुवारी
निर्जन हिमनदीचा एक लांबलचक शॉट आहे. रेवती म्हणते, त्यात दूरवर ठिपका दिसतोय. लेन्सवरची धूळ, दुसरं काय! कांदिवलीच्या पलीकडे न गेलेल्यांना सगळीकडे माणसंच दिसतात.

८ फेब्रुवारी
ठिपका मोठा झालाय. फाइल बदललीस का, असं रेवतीला दरडावून विचारलं. ती म्हणाली, "सर, तो चालतोय. रोज थोडा पुढे येतोय." मूर्ख मुलगी. घरी पाठवली.

९ फेब्रुवारी
निळं जाकीट. कमरेला तुटका दोर— तुटका नाही, कापलेला. मी कापला. दोराला वर कॅमेऱ्याची पेटी, खाली तो, हाका मारत. दोन्ही पेलवेनात. पेटीच्या खाली दोरावर सुरी चालवली. असिस्टंट काय, पन्नास मिळतात— कोणीही हेच केलं अस—

१० फेब्रुवारी, दुपार
फाइल पुसली. शॉट चालूच. पापण्यांवरचा बर्फ दिसतोय. वायर उपटली, तरी—

चार वाजता
पडदा रिकामा. नुसता बर्फ. तो नाही.
शांताबाई आल्यात, रेवतीने बोलावलं म्हणे. मी म्हटलं, बघा, पडद्यावर कोणी नाही. त्या पडद्याकडे बघतच नाहीयेत. माझ्या मागे बघतायत. हसतायत. म्हणाल्या, "आलास का रं, बाळा?"
मी मान वळवणार नाही. लिहीत राहीन. वहीच्या पानावर पाणी टपकतंय, गार, बर्फा—