दोन्ही सारखंच दिसतंय

१४ ऑक्टोबर, मंगळवार

प्रिय बारक्या,

एकाच गावात राहून पत्र लिहिणारी बहीण बघून तू हसशील. हसलास तर बरंच. जूनपासून मी तुझ्याकडे फिरकले नाही, त्याची माफी आधी मागते. फोन केले, पण तू ते उचलत नाहीस याचं मला आतून थोडं हायसंच वाटायचं. लिहायला बरं वाटत नाही, पण खरं आहे. काल तुझी बायको दुकानात आली. चष्म्याची दांडी सैल झालीय म्हणाली. दांडी चांगली घट्ट होती. मी उगीच स्क्रू पिळल्यासारखं केलं आणि ती बोलू लागली. शाळेने तुला कायम नोकरी देऊ केलीय, शुक्रवारपर्यंत होय-नाही कळवायचंय, आणि ते पाकीट तू टेबलावरून फ्रीजवर, फ्रीजवरून कपाटात हलवतोयस. "ताई, नको असेल तर नको म्हणा, एवढंच सांगितलं मी. तेही म्हणत नाहीत." बाबा म्हणतात, याचं कायमच भिजत घोंगडं. मला मात्र कालपासून वाटतंय की भिजलेल्या घोंगड्याचं ओझं ते भिजत ठेवणाऱ्यालाच सगळ्यात जास्त होत असणार.

माझं काम तुला माहीत आहे. माणसाला अंधाऱ्या खोलीत खुर्चीवर बसवायचं, डोळ्यापुढची भिंगं बदलत राहायचं आणि विचारायचं, हे स्पष्ट की हे? बहुतेक जण पटकन सांगतात. काहींचं मात्र "पुन्हा दाखवा, पुन्हा एकदा" संपतच नाही. मागे एक निवृत्त न्यायाधीश आले होते. जन्मभर लोकांचे निकाल लावलेला माणूस, आणि दोन भिंगांमधलं एक सांगताना घामाघूम! "चुकीचं सांगितलं तर चष्मा चुकेल ना हो?" त्यांना हे ठाऊक नव्हतं, की दोन्ही भिंगांतून सारखंच दिसू लागलं की आमचं माप जुळत आलेलं असतं. 'दोन्ही सारखंच दिसतंय' हे उत्तर आम्हाला हवंच असतं. सांगणाऱ्याचा चेहरा मात्र नापास झाल्यासारखा. आणि पुन्हा पुन्हा दाखवत राहिलं की डोळा थकतो, मग आधी दिसत होता तो फरकसुद्धा दिसेनासा होतो. याचं मला फार कुतूहल वाटतं. नीट बघण्याच्या नादात दिसणंच कसं कमी होतं?

माझ्या बाबतीत म्हणशील, तर दिव्याखाली अंधार. दुसऱ्यांचे नंबर काढणारी मी स्वतः कित्येक वर्षं जुन्याच नंबराचा चष्मा लावून बसले होते. मागच्या वर्षी माझ्या जोडीला काम करणाऱ्या मास्तरीणबाईंनी (शिकवत नाहीत, पण आवाजामुळे नाव पडलंय) मला औषधाची बाटली हातभर लांब धरून वाचताना पकडलं आणि खुर्चीत बसवलं. हे की हे? मी म्हणाले, पुन्हा दाखवा. पुन्हा. पुन्हा. शेवटी त्यांनी दिवा लावला. "बाई गं, नंबर मी काढेन तुझा, पण हे दुखणं डोळ्यांचं नाही. घरी रोजची भाजी तरी ठरवता येते का तुला?" मी हसले, आणि हसता हसता रडायलाच लागले. मनाच्या डॉक्टरांचा पत्ता त्यांनीच दिला. तो मी पर्समध्ये ठेवून दिला. मग त्याच मला हाताला धरून घेऊन गेल्या आणि बाहेर बाकावर बसून राहिल्या. घरी मी तेव्हापासून दातांच्या डॉक्टरकडे जाते असं सांगत आले. इतके दात कुणाला नसतात, पण कुणी मोजले नाहीत.

मला काळजीचा आजार आहे, असं डॉक्टर म्हणाल्या. मी शाळकरी मुलीसारखे प्रश्न विचारत सुटले. मग टाळाटाळ का? तर म्हणे, टाळलं की लगेच बरं वाटतं, आणि मन ते बरं वाटणं लक्षात ठेवतं. पुढच्या वेळी ते स्वतःच आधी पळवाट दाखवतं. माझ्यासारखीला प्रत्येक पर्यायात काय बिघडेल तेच आधी दिसतं. ज्याला नैराश्य असतं त्याचं निराळं. त्याचं मन कशाकडेच ओढ घेत नाही, मग निवडायचं तरी कशाच्या जोरावर? बाहेरून मात्र दोघंही आळशीच दिसतात. मी विचारलं, आधी आजार की आधी टाळाटाळ? त्या म्हणाल्या, पुष्कळदा दोघं एकमेकांना पोसतात. मग चालढकल करणारा प्रत्येक जण आजारी का? त्यावर त्या खळखळून हसल्या. "तसं असतं तर पहिली पेशंट मीच. माझ्या टेबलावरचा पसारा बघा!" किती काळ चाललंय आणि त्यापायी जगण्यातलं काय काय अडून राहिलंय, ते बघायचं म्हणाल्या. औषध चालू आहे. छोट्या गोष्टी एकदाच बघून ठरवायची सवय करतेय. परवा असाच पडदा घेतला. दिसतो भयंकर, पण लावलाय.

आता ज्यासाठी एवढं लांबण लावलं ते लिहिते. जूनमध्ये तू डोळे तपासायला आला होतास. एकच ओळ तीन-तीनदा वाचतो, मुलांचे पेपर तपासून होत नाहीत म्हणालास. प्रत्येक भिंगाला तुझं एकच उत्तर, "तूच ठरव, ताई." डोळे ठणठणीत निघाले. हे ऐकून आजवर ज्याचा त्याचा चेहरा खुललेला पाहिलाय मी. तुझा पडला. सगळं चष्म्याने सुटेल या आशेने तू आला होतास, बारक्या, आणि ती मी तुझ्या हातून काढून घेतली. त्या चेहऱ्यापासून मी आजपर्यंत लांब राहिले. कदाचित चुकत असेन, तू नुसताच थकला असशील. ते मी ठरवू नये, आणि तूही एकट्याने ठरवत बसू नयेस. गुरुवारी संध्याकाळी माझ्या डॉक्टरांकडे तुझी वेळ घेतलीय. बाहेरच्या बाकावर मी बसेन. नोकरीचं उत्तर आत्ता द्यायलाच हवं असं नाही. तब्येत ठीक नाही, थोडी मुदत द्या, एवढं शाळेला कळवू. फोन हवा तर तुझी बायको करेल. मुदत मागणं हे टाळणं नव्हे. हे पत्र तिच्याच हाती देतेय, आणि उद्या सकाळी मी स्वतः येतेय. गुरुवारचं नको असेल तर ते मला समोरासमोर सांग. मी रागावणार नाही, पण दारातून हलणारही नाही.

तुझीच,
ताई

(ताईच्या वहीत) उद्याचं काम: दुकान उघडण्याआधी बारक्याच्या घरी जाणे.