फ्रिजमधली कळी

३ ऑक्टोबर १९८३
आजपासून मी बोरीवलीकर! कॉलेजात वनस्पतिशास्त्राची डेमॉन्स्ट्रेटर आणि जयंतीकाकूंकडे पेइंग गेस्ट. खोली झकास, खिडकीतून नॅशनल पार्कचे डोंगर दिसतात. काकू एकट्याच राहतात. यजमान शरच्चंद्र बोटीवर रेडिओ ऑफिसर होते. सात वर्षांपूर्वी दक्षिण ध्रुवाकडच्या एका थंड, निर्मनुष्य बेटावर उतरले ते परतलेच नाहीत. काकू कुंकू मात्र रोज लावतात.

५ ऑक्टोबर
फ्रिजमध्ये, दुधाच्या पातेल्याशेजारी, बिस्किटांच्या डब्यात चक्क जिवंत रोप! बटरकपच्या कुळातलं, बोटभर उंच, त्याला एकच कळी. यजमानांनी आधीच्या सफरीत त्याच बेटावरून आणलेलं. अंधारात इतकी वर्षं जगलं कसं? काकू त्याला बर्फाचं पाणी घालतात. म्हणाल्या, "हे फुललं की ते येतील." कामवाली शेवंती मागून हळूच म्हणाली, "बाय, त्या डब्याक हात लावू नको गो."

९ ऑक्टोबर
काकू भाचीच्या बाळाच्या बारशाला मुलुंडला गेल्यात, चार दिवस. रोप माझ्यावर सोपवलंय.
कळीचा छेद घेऊन पाहायचा मोह आवरला नाही. खुडली. गळून पडली म्हणून सांगेन.
ब्लेड लावायच्या आत ती माझ्या तळहातावर उमलली. पाच पाकळ्या, पिवळ्याधमक.

१० ऑक्टोबर
बाहेर घामाच्या धारा, घरात तोंडातून वाफ निघतेय. स्वयंपाकघरात बुटांचे ओले ठसे. शेवंती दारातूनच परत फिरली.
कॉलेजातून मुलुंडला फोन करून खरं ते सांगितलं. काकू म्हणाल्या, "काय केलंस हे! फूल माझ्या हातात उमलायचं होतं गं. आता ते तुलाच जयंती समजतील. घरात जाऊ नकोस, मी निघाले."

त्याच दिवशी, दुपारी
सामान घ्यायला आत आले, फक्त दोन मिनिटं. कडी आपोआप बसली. निघत नाही.
खुर्चीत कुणीतरी बसलंय — पाठमोरं. कोटातून पाणी ठिबकतंय.
कालपासून तळव्याला चिकटलेलं फूल अजून सुटत नाही. ओढलं तर कातडीखाली काहीतरी — मुळं —

तीन वाजता
काकू दार बडवताहेत. ओरडायला गेले, आवाज फुटत नाही.
ते उठले. हाक मारली, "जयंती." किती मायेनं —
मी माणिक. मी माणिक. नाही म्हणायचं होतं, पण तोंडातून निघालं, "अहो, आले."
बाहेर काकूंचा हुंदका. त्यांनी ऐकलं. दार वाजायचं थांबलं —
काकू, जाऊ नका, मी