कारण: वीज

४ मार्च, सकाळ
फिजीतल्या लौटोकाच्या साबण कारखान्यात माझी सिस्टीम सुरू झाली. पॅकिंगचं मशीन थांबलं की स्क्रीन कारण विचारते: पाती, कागद, ओला साबण, चालकाची चूक, वीज. कामगाराने एकावर बोट ठेवायचं, बस. महिनाअखेरीस मॅनेजर नायडूसाहेबांना खरी कारणं दाखवायची. नाही जमलं तर सिस्टीम बंद, आणि मी परत सुव्याला आईकडे. काळजी नाही. आकड्यांना भावना नसतात. कामात मलाही नसतात.

९ मार्च
प्रत्येक वेळी कारण एकच: वीज. दिवे मात्र एकदाही गेले नाहीत. बहुधा व्होल्टेजचे सूक्ष्म चढउतार. रंजक विषय. जेवायला बसले आणि उठले. पुन्हा स्क्रीन पाहून आले.

१३ मार्च
मशीनचालक रोपातेने कागद तिरका लावला. मशीन अडकलं. मी समोरच उभी. सुपरवायझर लितियाने शांतपणे ‘वीज’ दाबलं. विचारलं तर म्हणाली, मग काय चालकाची चूक दाबू? माझ्या बहिणीचा नवरा आहे तो, रविवारी चर्चमध्ये एकाच बाकावर बसायचंय. रोपाते म्हणाला, दाबा ना मेहुणीबाई, मग घरी माझ्या ताटात काय पडतं ते या बघायला. बरं, पाती? मी विचारलं. ती बसवणारा तिचा मामा. ओला साबण? सुकवणारा दीर. वीज कंपनीत आपलं कोणी नाही गं पोरी, म्हणाली.

१४ मार्च
निर्णय: ‘वीज’ हे बटणच काढायचं. कुणाच्या नात्यागोत्यात मी पडत नाही.

१६ मार्च
काढलं. आता कोणी काहीच दाबत नाही. बटण परत ठेवलं. माघार नव्हे, चाचणी होती.

२० मार्च
सगळ्यांना बसवून समजावलं की सिस्टीम कुणाला दोष देत नाही. सगळ्यांनी माना डोलावल्या. नंतर लितियाने नारळाच्या दुधातली मासळी आणि उकडलेला कसाव्याचा कंद पुढे केला. म्हणाली, किती वाळलीस, तुझी आई मला विचारेल. जवळीक वाढू न देणं बरं. डबा संपवला.

२७ मार्च, सकाळ
स्वस्थ बसवत नाही. शिफ्ट चालू असतानाच शेवटचं अपडेट टाकते. धोका नगण्य.

त्याच दिवशी, दुपार
सगळी मशिनं बंद. अपडेटमुळे. नायडूसाहेब धावत आले, काय झालं म्हणून ओरडले. मी तोंड उघडलं. तोवर लितियाने ‘वीज’ दाबलं होतं. रोपाते म्हणाला, साहेब, या वीजवाल्यांना लाजच नाही.
मी तोंड मिटलं.

३० मार्च
रिपोर्ट दिला. मशीन थांबण्याचं मुख्य कारण: वीज. उपाय: जनरेटर. नायडूसाहेबांनी विचारलं, खात्री आहे ना? डोक्यावर पंखा गरगरत होता. मी म्हणाले, आकडे समोर आहेत.
नोकरी कायम झाली.