रेमेदियोसबाईंचे पाच डबे

ओजिमा, तोक्यो
१० नोव्हेंबर २०१३

प्रिय कादंबरी, माझ्या हट्टी पोरी,

भूकंपानंतरच्या जूनमधल्या एका बुधवारी सकाळी मी काय केलं, ते आज तुला सांगतो. रामरक्षा म्हणून खाली उतरलो. इमारतीच्या कचऱ्याची पाळी त्या आठवड्यात आपल्याकडे होती. फुटकी भांडी, मोडकी कपाटं लोक अजून कशीही आणून टाकत होते, आणि ‘परदेशी लोकांना कचरा वेगळा करता येत नाही’ असं आपल्याला कुणी म्हणू नये, याची मला फार काळजी. कचऱ्याच्या जाळीला लागून पाच गंजके डबे होते. उघडले तर व्हिनेगरसारखा उग्र वास, आत जुनी फिल्म. मी रसायनशास्त्राचा माणूस. फिल्म जळणाऱ्या कचऱ्यात, डबे धातूच्या, हे मला कुणी सांगायला नको. वेटोळी सोडवून पिशव्यांत भरली. साडेआठला गाडी आली आणि घेऊन गेली. रिकामे डबे मी बाल्कनीत ठेवले, कारण धातूचा वार शुक्रवार. गावच्या शाळेत पटांगण झाडून झाल्यावर वाटायचं, तसं समाधान वाटलं.

ते डबे चौथ्या मजल्यावरच्या रेमेदियोसबाईंचे होते. तुझ्या लोलाचे. त्यांच्या भाषेत आजीला लोला म्हणतात, हे मला तूच शिकवलंस. शाळेतून आलीस की आधी त्यांच्याकडे जायचीस आणि रात्री जेवताना मला त्यांच्या गोष्टी सांगायचीस. मनिलाच्या काळ्या-पांढऱ्या पडद्यावर सत्तर चित्रपट. कधी जोगीण, कधी कपटी सावत्र आई, कधी पडत-धडपडत हसवणारी मोलकरीण. सव्विसाव्या वर्षी त्यांनी साठीची कोळीण केली, तीही स्वतःपेक्षा मोठ्या नटाची आई म्हणून. मी एकदा जिन्यात त्यांना हात द्यायला गेलो, तर म्हणाल्या, “सोडा हो प्रोफेसर! म्हातारपण मी पन्नास वर्षांपूर्वीच करून बसले. आता नुसती तालीम चाललीय.”

कंपनी बुडाली, गोदामात पाणी शिरलं, सत्तरातलं काहीच उरलं नाही. कोळिणीच्या चित्रपटाची एक प्रत तेवढी कुणा प्रोजेक्टरवाल्याने जपून त्यांना दिली होती. ती न्यायला त्या बुधवारी मनिलाच्या चित्रपट संग्रहालयातले गृहस्थ यायचे होते. पहाटेच्या धक्क्याने लिफ्ट बंद पडलेली. बाईंनी एकेक डबा छातीशी धरून खाली आणला, जाळीशेजारच्या मोकळ्या जागेत ठेवला आणि मग पाहुण्यांसाठी नीट साडी... साडी कसली, झगा घालायला, ओठ रंगवायला पुन्हा चार मजले चढून गेल्या. मी तेवढ्यात पोचलो.

दुपारी त्यांनी मला विचारलं, “माझे डबे पाहिलेत?” मी “नाही” म्हणालो. एकच शब्द. शुक्रवारी रिकामे डबेही देऊन टाकले.

तू तीन भाषांत चिठ्ठ्या लिहून लिफ्टपाशी चिकटवल्यास. मी तुझ्यासाठी चिकटपट्टी कापून देत होतो. लीनाने, त्यांच्या मुलीने, डबे ठेवायची पेटी वर्षानुवर्षं उघडून पाहिली नव्हती. तिला वाटलं, आईने डबे कधीच कुठेतरी हरवलेत आणि आता मनाने रचून सांगते आहे. डॉक्टर झाले, तपासण्या झाल्या. एकटं ठेवणं बरं नाही म्हणून लीनाने त्यांना चिबाकडच्या वृद्धाश्रमात ठेवलं. तू लीनाशी भांडलीस. मग पुण्याला निघण्याच्या आदल्या दिवशी मला म्हणालीस, “बाबा, लीनाचंच बरोबर असेल. लोलाला भास होत असतील.” तेव्हाही मी गप्प बसलो. देवापुढे रोज बसतो, पण दोन वर्षांत तिथे काही मागायची हिंमत झाली नाही.

काल लीनाला घेऊन वृद्धाश्रमात गेलो आणि दोघींच्या समोर सगळं सांगितलं. गाडीची वेळसुद्धा. लीना उठून बाहेर गेली. बाईंनी माफ केलं नाही, मीही माफी मागितली नाही. मग म्हणाल्या, “त्या पोरीला लिहा. ती माझ्यावर विश्वास ठेवणारी शेवटची होती.” म्हणून हे पत्र. लोलाला भास होत नव्हते, कादंबरी. खोटं मी बोललो होतो.

रागावलीस तरी तुझाच,
बाबा