श्रुतलेखणी अँड कंपनी, म्हैसूर

२८ सप्टेंबर, सकाळी ५.५०
झोप नाही. डोक्यात शिलाईचं मशीन चालू. आजपासून रोज नोंद ठेवणार.
ठराव: चहा दोनच. येरझाऱ्या बंद. मेहुण्याशी वाद नाही.
माल तयार. दोनशे श्रुतलेखण्या. आपण बोलायचं, ती कागदावर उभी राहून स्वतः लिहिते. बेंगळूरच्या कंपन्या उडत्या दौती काढतात. दौत उडून करायचं काय? आमची खुबी वेगळी. लेखणी चाळीस दिवस माणसांत ठेवली की तिचे कान तयार होतात. पहिला लॉट बेळगोळला कारखान्याच्या शेडमध्ये ठेवला, तो यंत्राचा खडखडाट तेवढा लिहितो. म्हणून हा लॉट घरी, माजघरातल्या फळीवर. चाळीस दिवस परवाच संपले.

सकाळी ६.२०
चहा तिसरा. धरणार नाही, साखर कमी होती.
दसऱ्यापर्यंत ऑर्डर आली नाही तर पुन्हा शिंपीकाम, तेही मेहुण्याच्या, म्हणजे गुंडेरावांच्या दुकानात. हे मीच बोललो, त्यांच्या घरच्या बारशात, चारचौघांत. बोलायला काय जातं!

२ ऑक्टोबर
आलं पत्र! पुण्याचे घाऊक व्यापारी येसाजीराव. शाळांना माल पुरवतात. नमुना पसंत पडला तर पाच हजार नग. मी लगेच तार केली, दहा तारखेला या. दहाला नवमी. कचेऱ्या बंद, शेठ मोकळे, लुडबुडायला कुणी नाही. याला म्हणतात प्लॅनिंग.
कमलाक्षी म्हणाली, अय्यो, नवमीला आयुधपूजा, त्या दिवशी लेखणी कोण धरतं? म्हटलं, पुण्याचा माणूस धरतो. ती म्हणाली, तो धरेल हो, लेखणीचं काय? लग्नाला तेवीस वर्षं झाली, हिला अजून धंद्यातलं टायमिंग कळत नाही.

५ ऑक्टोबर, दुपारी २.१०
प्रात्यक्षिकाची तालीम. लेखणीनं माझं भाषण सुरेख अक्षरात उतरवलं. मधले खोकलेसुद्धा. तेवढं सुधारणार.
येरझाऱ्या घातल्या, पण विचारपूर्वक.

८ ऑक्टोबर, सप्तमी
बाजारातून आलो तर फळी रिकामी. दोनशेच्या दोनशे सरस्वतीपुढे, वह्या-पुस्तकांच्या शेजारी, हळदकुंकू लावून, दोरा गुंडाळून! आता दशमीपर्यंत घरात लिहिणं-वाचणं बंद. (ही नोंद शिंपीखडूनं, खाकी कागदावर. खडू पूजेत नसतो.)
कमलाक्षीला जाब विचारला. म्हणाली, मी कुठं नेल्या? आपणच उतरल्या, ओळीनं जाऊन बसल्या. चाळीस दिवस घरात राहिल्यात, घरचं वळण लागणारच की. मी नुसतं कुंकू लावलं.
खोटं नसावं. माझे कान तिखट. सकाळी न्हाणीत असताना टकटक ऐकली होती, पाल समजलो.
एका परीनं चांगलंच. जाहिरातीत घालणार: 'संस्कारी लेखणी'.

९ ऑक्टोबर
गुंडेराव आले. म्हणाले, भावजी, तुमचं स्टूल पुसून ठेवलंय, उशीपण घातलीय, वयाला बरी. सुम्ने, उगाचच, हसलो. वाद केला नाही. जाताना ते बहिणीच्या कानात कुजबुजले, घाई करू नको, येईल आपोआप. मला ऐकू आलं हे त्यांना कळलं नाही. येईल म्हणजे ऑर्डरच.

१० ऑक्टोबर, नवमी
सकाळी गुपचूप एक लेखणी उचलली, दोरा सोडवला. उरलेल्या एकशे नव्व्याण्णव माझ्याकडं वळल्या. वारा असेल.
टांगेवाल्यानं चाकांना कुंकू लावलेलं. म्हणाला, आज गाडीला सुट्टी. येसाजीरावांच्या लॉजपर्यंत चालत गेलो.
येसाजीरावांनी कागद पसरला, घसा साफ केला आणि स्वच्छ बोलले, आज हवा छान आहे. लेखणी ढिम्म. मराठीत दरडावलं, कन्नडमध्ये विनवलं, इंग्लिशमध्ये प्लीज म्हटलं. ती कागदावर आडवी झाली. कुंकवाचा डाग तेवढा उमटला.
येसाजीरावांनी विचारलं, झोपली काय हो ही? म्हटलं, प्रवासाचा शीण. ते म्हणाले, अहो, तुम्ही पलीकडच्या गल्लीतून आलात ना?
उद्या दुपारी त्यांची गाडी. सकाळी घरी येऊन शेवटचं बघतो म्हणाले. माणूस अडकला.

११ ऑक्टोबर, दशमी
८.३०. दोनशे टोकांची करकर! उठल्या! तेवढ्यात येसाजीराव दारात. माझं टायमिंग.
आत नेलं. शेजारच्या पोराच्या विद्यारंभासाठी कमलाक्षीनं ताटात तांदूळ पसरले होते. पोर बाजूला रडत होतं. ताटाभोवती सगळ्या लेखण्या दाटी करून तांदळात 'श्री' गिरवत होत्या.
येसाजीरावांनी एक कागदावर ठेवली आणि बोलले, पाच हजार नग पाठवावेत. तिनं लिहिलं, अ. ते पुन्हा बोलले. तिनं लिहिलं, आ. तेही वाकडं.
कमलाक्षी म्हणाली, आज दशमी ना, सगळ्यांनी पहिल्यापासून शिकायचं. मी हळूच विचारलं, किती दिवस? म्हणाली, पोरांना तीन वर्षं लागतात. ह्या हुशार आहेत, दोन.
येसाजीरावांनी दोन चिरोटे खाल्ले. म्हणाले, नागोजीराव, न शिकलेली पोरं माझ्या शाळांत भरपूर आहेत, न शिकलेल्या लेखण्या कशाला देऊ? मग म्हणाले, पत्र टाकतो. नाही म्हणाले नाहीत. नोंद घ्यावी.

१५ ऑक्टोबर
पत्र नाही. टपाल सणात तुंबतं. पोस्टमनला तीनदा विचारलं, तिसऱ्यांदा तो दुसऱ्या गल्लीनं गेला. लेखण्या 'ऋ'पाशी अडल्यात.

२० ऑक्टोबर
पत्र आलं! टाइप केलेलं. चिरोटे उत्तम होते, वहिनींना नमस्कार. बाकी मजकूर नाही. संबंध टिकले, हे मोठं.

२१ ऑक्टोबर
गुंडेरावांच्या दुकानी गेलो. नऊला बोलावलं होतं, दहाला पोचलो. आल्याआल्या स्पष्ट केलं की मी सल्लागार म्हणून आलोय, तात्पुरता. ते म्हणाले, हो हो भावजी. आणि काज-बटणाचे बारा शर्ट माझ्या मांडीवर ठेवले.
संध्याकाळपर्यंत सात झाले.