साडेआठची नोंद

।। श्री सिद्धरामेश्वर प्रसन्न ।।

स्कॉटलंड,
१४ जानेवारी २०२५

ती. चंद्रव्वाअज्जीस,
काव्याचा सा. न.

वि. वि. तुझ्या पत्राचा फोटो सोजरबाईंनी पाठवला. तुझं अक्षर मोबाइलवरही तसंच ताठ दिसतं. माझं हे पत्र त्या त्यांच्या झेरॉक्सच्या दुकानात छापून तुला देतील. देण्याआधी वाचतील. वाचोत. माझ्या अज्जाला, म्हणजे तुझ्या अण्णांना, फोनवर ऐकू येत नाही आणि तुला फोनवर बोलवत नाही, म्हणून आपल्या घरात अजून पत्रं चालतात, असं मी इथे सांगते तेव्हा मुली हसतात.

प्रबंधाचा विषय ठरला. आपले खापरपणजोबा, गुरुलिंग हत्तुरे. ते याच विद्यापीठात शिकले आणि १९१३ साली परत गेले. दुसर्‍या वर्षी त्यांनी कुंभारीच्या शेतात पर्जन्यमापक बसवला. तिथपासून २००३ साली शेत घरकुलांसाठी जाईपर्यंत आपल्या घरात रोज सकाळी पाऊस मोजला गेला. एकोणनव्वद वर्षं, एक दिवस न चुकता. माझे सर म्हणाले की सरकारी खात्याबाहेर, एका घराने ठेवलेली इतकी सलग नोंद त्यांनी पाहिलेली नाही. शेवटची चौतीस वर्षं तुझ्या अक्षरात आहेत हे मी त्यांना सांगितलं. त्यांनी वहीच्या फोटोवरून बोट फिरवलं.

एक गंमत. इथे कलाशाखेत बी.ए. नाहीच. पहिली पदवीच एम.ए. जुलैत मला मिळेल तीही तीच. इंग्लंडमध्ये हिलाच बी.ए. म्हणतात. भारतात ती बी.ए.च्या बरोबरीची धरतात. खापरपणजोबांचं नाव मी जुन्या यादीत पाहिलं. त्यांची पदवीही हीच, पहिलीच. म्हणजे ज्यांच्या नावापुढचं एम.ए. अज्जा अजून दारावरच्या पाटीवर पुसून चकचकीत ठेवतो, ते आपल्या हिशेबाने बी.ए. होते. अज्जाला सांगू नकोस. जेवण सोडेल.

गुडघ्याला तेल लाव.
तुझी माया आहे तेवढी पुरते, कमी करू नकोस.

काव्या


जेऊर,
२७ जानेवारी २०२५

ती. अण्णांस,
चंद्रव्वाचा सा. न. वि. वि.

तुमचं खुशालीचं कार्ड मिळालं. शेंगाचटणी मिळाली का ते तुम्ही लिहिलं नाही. इथे ठीक आहे. स्टेशनसमोरच्या दोन खोल्यांत एका माणसाला जागा पुरते.

काव्याचं पत्र आलं. तिने तुम्हाला सांगू नकोस असं लिहिलं आहे, तरी सांगते. स्कॉटलंडात एम.ए. ही पहिलीच पदवी असते. आपल्या गुरुलिंग आजोबांची तीच होती. आपल्याकडच्या बी.ए. एवढी.

त्र्याहत्तर सालच्या ऑगस्टात नातेपुत्याचे गुरुशांत मास्तर मला बघायला कुंभारीला आले होते. सोबत त्यांची आई आणि मामा होते. पाऊस नुकताच थांबला होता. त्यांनी शेतातला पर्जन्यमापक बघायचा आहे असं म्हटलं. मी मोजायचा काचेचा पेला हातात दिला. त्यांनी तो डोळ्यांसमोर धरला आणि किती झाला ते मला विचारलं. मी बारा पूर्णांक चार म्हणाले. त्यांनी मान हलवली. त्या पेल्यातलं मला विचारणारा दुसरा माणूस मी पाहिला नाही.

मग ओट्यावर तुम्ही त्यांना शिक्षण विचारलंत. त्यांनी बी.ए. सांगितलं. तुम्ही म्हणालात की आजोबा एम.ए. होते, या घरातली मुलगी एम.ए.च्याच घरात जाईल, असा आजोबांचा शब्द आहे. त्यांची आई म्हणाली की पोरगा लई गुणाचा हाय, शिकंल की पुढं. तुम्ही चहा निवतोय म्हणालात. त्यांनी चहा घेतला आणि ते गेले. त्यानंतर तिघे आले, तिघेही बी.ए. पुढे कोणी आलं नाही.

आता मी पंचाहत्तर वर्षांची आहे. मला कोणाच्या घरात जायचं नाही. तुम्हाला तेव्हा हे माहीत होतं का, एवढंच विचारायचं आहे. नव्हतं म्हणालात तर मी विश्वास ठेवीन.

वहिनींना नमस्कार. लोभ आहेच, तो तसाच चालू द्यावा.

तुमची धाकटी,
चंद्रव्वा


सोलापूर,
५ फेब्रुवारी २०२५

चि. चंद्रव्वा हिस,
महेश्वरचे अ. आ.

तुझे पत्र मिळाले. शेंगाचटणीही मिळाली होती. लसूण जास्त आणि तिखट कमी. वयाने हात बिघडतो, त्याचे वाईट वाटून घेऊ नये.

तू सरळ विचारले आहेस म्हणून सरळ लिहितो. मला माहीत होते. अप्पा वारले त्या वर्षी, म्हणजे एकोणसत्तर साली, ट्रंकेत आजोबांचे तिकडून पाठवलेले पत्र सापडले. त्यात त्यांनीच लिहिले होते की या पदवीला इथे मोठे नाव आहे, पण ती पहिलीच आहे. त्यांनी ती कधी मिरवली नाही. मी मिरवली. त्यांचा शब्द म्हणून जो सांगितला तो माझा होता.

कारणही सांगतो. माझी शाळा सकाळची आणि शहरात. तुझी वहिनी शेतावर राहायला तयार नव्हती. अव्वाला आकडे वाचता येत नव्हते. सकाळी साडेआठला मापकापाशी जाईल आणि न चुकता लिहील असे घरात एकच माणूस होते. तू नातेपुत्याला गेली असतीस तर दुसर्‍या सकाळी नोंद तुटली असती. गुरुशांतात काही खोट नव्हती. तो एम.ए. असता तर मी दुसरे काही काढले असते.

हे ऐकून तुला राग येईल. पण विचार कर. मुले-बाळे सगळ्यांनाच होतात. एकोणनव्वद वर्षांची नोंद किती घरांत आहे? आज परदेशातला माणूस तिच्यावर बोट फिरवतो. माझ्या नातीची पदवी तिच्यावर उभी आहे. तुझे आयुष्य वाया गेले असे समजू नकोस. प्रबंधात तुझा उल्लेख येईल. तळटीपेत असेल, पण येईल.

गुरुशांत मागच्या दिवाळीआधी वारला. नातेपुत्याहून उत्तरकार्याचे कार्ड आले होते. तुला कळवून उपयोग नव्हता, म्हणून कळवले नाही.

थंडीत बाहेर फिरू नकोस. इकडील माया पूर्ववत समजावी.

महेश्वर


स्कॉटलंड,
२० फेब्रुवारी २०२५

ती. अज्जीस,
काव्याचा सा. न. वि. वि.

महिना झाला, तुझं पत्र नाही. सोजरबाईंना विचारलं तर त्यांनी फक्त रडका चेहरा पाठवला. रागावलीस का? अज्जाला एम.ए.चं सांगितलंस वाटतं. त्याने जेवण सोडल्याचं बाबांनी तरी कळवलेलं नाही.

प्रबंध ४ एप्रिलला द्यायचा आहे. सरांना तुझ्याकडून एक निवेदन हवं आहे. नोंद घेणारं माणूस हयात असताना त्याची सही नसणं बरं दिसत नाही. मजकूर मराठीत सोबत जोडला आहे. १९६९ ते २००३ रोज सकाळी साडेआठ वाजता मी स्वतः मापकापाशी जाऊन पाऊस मोजला, एवढाच आहे. खाली सही कर आणि फोटो पाठव.

आणखी एक शंका त्यांनी काढली आहे. १९७३च्या ऑगस्टपासून आकड्यांचा तोंडवळा बदलतो म्हणतात. पावसाच्या दिवशी दशांशाच्या जागी शून्य आणि पाच जवळपास दिसतच नाहीत. निसर्गात असं होत नाही. पेला बदलला होता का? आठवत असेल ते लिही.

हे छान पार पडलं तर सर पुढच्या संशोधनासाठी मला इथेच ठेवणार आहेत. तुझ्यामुळे होतंय सगळं.

माझ्या वाटणीचा लोभ दुसर्‍या कोणाला देऊ नकोस.

काव्या


जेऊर,
३ मार्च २०२५

चि. काव्या हिस,
अनेक आशीर्वाद.

तुझ्या सरांची नजर चांगली आहे. दशांशात शून्य आणि पाच मी मुद्दाम टाळत असे. आकडा खरा वाटावा म्हणून.

त्र्याहत्तर साली ऑगस्टात मला एक मास्तर बघायला आले होते, आणि तुझ्या अज्जाने त्यांना बी.ए. म्हणून परत पाठवलं. दुसर्‍या सकाळी मी नेहमीसारखी उठले. साडेआठ वाजले. बाहेर पाऊस चालू होता. मी चुलीपाशीच बसून राहिले आणि वहीत ३.७ लिहिलं. कोणी काही म्हणालं नाही. त्यानंतर तीस वर्षं मी मापकापाशी गेले नाही. माझ्या आईला, अव्वाला, वाटे मी जाऊन आले. अण्णा दर रविवारी शहरातून येत, वही बघत, आणि खंड नाही म्हणून खूश होत. मापकापाशी तेही कधी गेले नाहीत. तो काढून नेला तेव्हा आतली बाटली मातीने भरली होती आणि तिच्यात पालीची हाडं होती. मी ती धुऊन दिली.

बाहेर पडेल तसा मी लिहीत नसे. उन्हाच्या दिवशी कधी मोठा पाऊस दिला. संततधारेत सलग आठ दिवस कोरडे लिहिले. अण्णांचा पाय मोडला त्या वर्षी भरपूर दिला. माझं मन बरं नसे तेव्हा काहीच देत नसे. त्या वहीत कुंभारीचा पाऊस नाही. माझी तीस वर्षं आहेत, पण ती वाचता येणार नाहीत.

तेव्हा तुझ्या कागदावर मी सही करत नाही. तू हे सगळं प्रबंधात लिही. माझं नाव घालून लिही, आणि तळटीपेत नको. चंद्रव्वा रेवप्पा हत्तुरे हिने तीस वर्षं खोटा पाऊस लिहिला आणि का लिहिला, ते लिही. अण्णा ऐंशीचे आहेत. त्यांनी ते छापलेलं वाचावं. मला आयुष्यात दुसरं काही नको आहे.

सोजरबाईंनी पत्र वाचलं आणि लई वर्सं पोटात ठिवलं की तुमी, असं म्हणाल्या. आज फोटोचे पैसे घेतले नाहीत.

तुझं भलं होवो. माया कमी झालेली नाही.

चंद्रव्वाअज्जी


स्कॉटलंड,
१२ मार्च २०२५

ती. अज्जीस,
काव्याचा सा. न. वि. वि.

तुझं पत्र चार वेळा वाचलं. तू किती सोसलंस. अज्जाचं वागणं अगदी चूक होतं, आणि हे मी त्याला कधीतरी नक्की सांगणार आहे.

पण तू शांतपणे बघ. एकोणनव्वदांतली शेवटची तीस काढली तर माझ्याकडे उरतं काय? उरलेल्यांवरही कोण विश्वास ठेवेल? मुदतीला तीन आठवडे आहेत. नवा विषय आता मिळणार नाही. पुढची जागाही जाईल. तुला झालेल्या अन्यायाची शिक्षा मला व्हावी असं तुला वाटत नसणार, हे मला माहीत आहे. आपल्या घरात पुन्हा एका मुलीचं नुकसान व्हावं असंही वाटत नसणार.

म्हणून तुला त्रास न देता मी मार्ग काढला. अज्जाला फक्त एवढंच कळवलं की अज्जीची तब्येत नरम आहे, तिला सही जमत नाही. त्याने त्याच दिवशी निवेदन लिहून पाठवलं. १९६९ ते २००३ सर्व नोंदी मी स्वतः मापकापाशी जाऊन घेतल्या, धाकटी बहीण केवळ वहीत उतरवून घेत असे, असं त्यात आहे. ऑगस्ट ७३मध्ये पेला फुटला आणि नव्या पेल्याच्या खुणा वेगळ्या होत्या, हेही त्याने लिहिलं. मी विचारलं तेव्हा त्याला लगेच आठवलं. सरांचं समाधान झालं. त्यामुळे आता तुझ्या सहीची गरज नाही.

तळटीप मात्र काढावी लागली. तू नोंदी घेतल्यास असं लिहिलं तर दोन्ही जुळत नाहीत.

जुलैत पदवी घेऊन मी सोलापूरला येईन. अज्जाने सत्काराचा हॉल आत्ताच बघून ठेवला आहे. तो खापरपणजोबांवर आणि नोंदीवर भाषण करणार आहे. तू ये. पुढच्या रांगेत बस.

आपल्यातलं आपल्यात राहू दे. तुझी खूप खूप लाडकी,

काव्या


जेऊर,
१४ एप्रिल २०२५

ती. अण्णांस,
चंद्रव्वाचा सा. न. वि. वि.

इकडे ऊन वाढलं आहे. काव्याने ४ तारखेला प्रबंध दिला आणि सरांनी तो ठेवून घेतला, असं सोजरबाईंच्या फोनवर आलं. तुमच्या सहीचा कागद त्यात जोडला आहे हेही कळलं. तो विद्यापीठात राहील म्हणतात. परत घेता येत नाही. म्हणून मी इतके दिवस थांबले.

कुंभारीचा सगळा पाऊस तुम्ही स्वतः मोजलात असं तुम्ही लिहून दिलंत. मी आडवी येणार नाही. तो तुमचाच असू द्या.

३ मार्चला मी काव्याला एक पत्र लिहिलं होतं. तिने ते तुम्हाला दाखवलेलं नाही. त्याची नक्कल हाताने करून सोबत ठेवली आहे. चष्मा लावून सावकाश वाचा. त्र्याहत्तरच्या ऑगस्टनंतरचा एकही आकडा खरा नाही. आजोबांची नोंद तुम्ही गुरुशांतना चहा देऊन उठवलंत त्याच्या दुसर्‍या सकाळी तुटली. त्यानंतर पंधराशे रविवार तुम्ही तुटलेली वही बघून खूश झालात.

हे मी कोणाला सांगणार नाही. माझं नाव त्यात कुठे नाही, मी काय म्हणून सांगू? तुम्हीही सांगू शकणार नाही. सांगितलंत तर खोटी सही तुमची आहे, आणि पोरीची पदवी जाईल. तेव्हा जुलैत हॉलमध्ये उभं राहून तुम्हाला खंड पडला नाही असंच म्हणावं लागेल. लोक टाळ्या वाजवतील. मी पुढच्या रांगेत बसेन. भाषण करताना माझ्याकडे बघावं लागलं तर बघा.

वहिनींना नमस्कार. माझ्यावर तुमची माया पूर्ववत आहे असं तुम्ही दर पत्रात लिहीत आलात. यापुढेही तसंच लिहीत जा.

तुमची धाकटी,
चंद्रव्वा